आपलं गुडगावला कोण आहे?

प्रिय आई-बाबा,

सोमवारी फोनवर धड बोलता आलं नाही. मी ऑफिसच्या जिन्यात उभी होते आणि बाबा, तुमचा आवाज असा झाला होता की मला आधी वाटलं बीपी वाढला की काय. म्हणून लिहून पाठवते. व्हॉट्सॲपवरच टाकतेय, पण चौकातल्या झेरॉक्सवाल्याकडून प्रिंट काढून घ्या, तसंही तुम्ही काढणारच आहात.

आधी माझी चूक सांगते म्हणजे मग तुम्हाला बोलायला मी मोकळी. तुमच्या क्रेडिट कार्डाच्या स्टेटमेंटमधले ते ७४९ रुपये, ज्याच्याखाली तुम्ही लाल पेनने दोनदा रेघ मारली आणि ज्यासाठी शनिवारी घरात एवढं महाभारत झालं, तो कूलरचा पंप आहे बाबा. आपलाच. एप्रिलच्या शेवटी आई म्हणाली होती ना की पंप जळला, बर्डीच्या बाजारात जायची कोणाची हिंमत होत नाहीये उन्हात, तेव्हा मीच पुण्यातून ऑर्डर केला होता. रामनवमीला आले होते तेव्हा तुमचं कार्ड माझ्या ॲपमध्ये टाकून ठेवलं होतं, त्यावर कॅशबॅक होता म्हणून तेच वापरलं. तुम्हाला फोन करून ओटीपी विचारला, तुम्ही चष्मा शोधून वाचून दाखवला, मी थँक्यू म्हटलं आणि आपण दोघंही विसरून गेलो. म्हणजे बघा, वर्षभर मीच तुम्हाला सांगत असते की ओटीपी कोणालाही सांगायचा नाही, बँकवाल्यालाही नाही, आणि मीच फोन करून मागते. आता नाही मागणार. माझी खरेदी माझ्या कार्डावर, तुमची तुमच्या.

आता गुडगावचं. त्या ७४९च्या ओळीत गुडगाव वाचून फोनवर तुम्ही तीनदा विचारलंत, "आपलं गुडगावला कोण आहे?" कोणी नाही. स्टेटमेंटमध्ये बरेचदा दुकानाचं नाव नसतं, दुकानाच्या मागे जी कंपनी आहे तिचं कागदावरचं नाव येतं, किंवा पैसे दुकानापर्यंत पोचवणाऱ्या मधल्या कंपनीचं, म्हणजे पेमेंट गेटवेचं, नाव आणि मग कंपनीचं, आणि जागा कमी म्हणून ते नाव अर्ध्यावरच तुटतं, आणि शेवटी कंपनीचं ऑफिस जिथे असेल ते गाव. बिगबास्केटवरून भाजी घेतली तर कंपनीचं नाव इनोव्हेटिव्ह रिटेल कन्सेप्ट्स, नायकाच्या मागे एफएसएन ई-कॉमर्स, झोमॅटोच्या कंपनीने तर २०२५ मध्ये नावच बदलून एटर्नल केलं. आता एटर्नल वाचून कोणाला कळणार की ही मागच्या रविवारची बिर्याणी आहे? तेव्हा अनोळखी नाव दिसलं म्हणजे चोरीच असं नाही. नावाच्या मागे न लागता रक्कम आणि तारीख घेऊन शोधायचं. मी तसंच शोधलं. ॲपमध्ये माझ्या ऑर्डरी उघडल्या, ७४९ दिसलं, तारीख एका दिवसाने मागेपुढे होती कारण खरेदी एका दिवशी होते आणि कार्डावर चढते दुसऱ्या दिवशी, आणि पंपाचा फोटो बघून मला इतकं ओशाळल्यासारखं झालं. शनिवारी रात्री तुम्ही जागेच होतात असं आई म्हणाली. हा कोण लुटतोय आपल्याला म्हणून तुम्ही आढ्याकडे बघत होतात आणि खिडकीबाहेर तोच पंप घुरघुर करत होता.

आणि तो वरच्या मजल्यावरचा पोरगा! तो तुमचं रिचार्ज करून देतो, फोन अडकला तर सोडवून देतो, आणि दोन दिवस तुम्ही त्याच्याकडे चोराकडे बघावं तसं बघत होता म्हणे. आईने सांगितलं मला. त्याच्यासाठी संत्रा बर्फी आणा आधी, अर्धा किलो, पैसे मी देते.

पण स्टेटमेंटमधली दुसरी ओळ खरंच चोरीची होती. ८५९ रुपये, नाव इंग्रजीतलं पण आपल्याकडचं नाही, आणि त्याच्या खाली दोन बारक्या ओळी, ३० रुपये ७ पैसे आणि ५ रुपये ४१ पैसे. तुम्ही त्या बारक्या ओळी सोडून दिल्या होत्या, किरकोळ म्हणून. मला मात्र त्यांच्यावरूनच कळलं. पहिली म्हणजे परदेशी चलनाचा मार्कअप, बँक वरून लावते तो आकार, तुमच्या कार्डावर साडेतीन टक्के, आणि दुसरी त्या मार्कअपवर अठरा टक्के जीएसटी. म्हणजे खर्च डॉलरमध्ये झाला. तुम्ही तर डॉलरमध्ये काही घेत नाही, आई तर इतवारीच्या बाजारातसुद्धा भाव केल्याशिवाय घेत नाही. रक्कम छोटी आहे म्हणून सोडायची नसते, चोरटे बरेचदा आधी छोटीच रक्कम काढून बघतात की कार्ड चालू आहे का आणि मालक जागा आहे का.

तुम्ही विचाराल की ओटीपी आलाच नाही मग पैसे गेले कसे. आपल्या देशातल्या वेबसाइटवर ओटीपी लागतो, बाहेरच्या कित्येक वेबसाइटवर लागत नाही, कार्डाचा नंबर, तारीख आणि मागचे तीन आकडे मिळाले की झालं. आणि तुमच्या कार्डावर परदेशी व्यवहार चालूच होता, कारण दादाकडे सिंगापूरला गेलो होतो तेव्हा आपणच चालू केला आणि परत आल्यावर बंद करायचं राहिलं. २०२० पासून नवीन कार्ड येतं तेव्हा ऑनलाइन आणि परदेशी हे दोन्ही बंदच असतं, आपण म्हटलं तरच चालू होतं. नवीन कार्ड आल्यावर परदेशी वालं बटण बंदच राहू द्या, सिंगापूरला परत जायचं ठरेल तेव्हा बघू.

आता ज्याच्यावर मला खरं बोलायचंय ते. बाबा, त्या ८५९चा बँकेचा मेसेज आला बुधवारी रात्री ११ वाजून ४० मिनिटांनी, तुम्ही झोपले होता, ठीक. स्टेटमेंट उघडलं शनिवारी सकाळी, तेव्हा तो मेसेज शोधला. आणि मला सांगितलं सोमवारी. मधे रविवारी आपण पाऊण तास बोललो! नवतपा यायचाय आणि आत्ताच एवढं तापतंय, आंबे महाग झाले, कोणाच्या मुलीचं लग्न ठरलं, सगळं झालं, हे सोडून. मला राग आला होता पहिल्यांदा. मग रात्री विचार केला की का नाही सांगितलं, तर उत्तर मलाच माहीत होतं. फेब्रुवारीत तुम्ही ती कुरियरची लिंक उघडली होती तेव्हा मी कशी ओरडले होते, "इतक्यांदा सांगूनही तेच करून राहिले तुम्ही", असं, स्पीकरवर, मामांसमोर. तुम्ही एक शब्द बोलला नव्हता. नुसता फोन आईकडे दिला होता. तेव्हा यावेळी तुम्ही गप्प बसलात ते माझ्यामुळेच, हे मला कळतंय. परत नाही ओरडणार. चुकून ओरडलेच तर आईने फोन कापावा, तिला परवानगी आहे.

कारण हे तीन दिवस फार महागाचे असतात. रिझर्व्ह बँकेचा ६ जुलै २०१७ चा नियम आहे, चूक आपली नाही आणि बँकेचीही नाही, मधल्याच कोणीतरी चोरलं, तर बँकेचा मेसेज आल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवलं तर आपल्यावर एक रुपयाही येत नाही. चौथा ते सातवा दिवस झाला की आपल्यालाही सोसावं लागू शकतं, तुमच्यासारख्या पाच लाखांपर्यंत लिमिटच्या क्रेडिट कार्डावर दहा हजारांपर्यंत किंवा गेलेली रक्कम, जे कमी असेल ते. म्हणजे ८५९ आपलेच गेले असते. सात दिवसांनंतर बँकेच्या स्वतःच्या धोरणावर, मग काय म्हणतील ते. आता मोजा. बुधवार धरायचा नाही, गुरुवार एक, शुक्रवार दोन, दुसरा शनिवार म्हणून बँक बंद, रविवार बंद, सोमवार तीन. दुपारी साडेचारला तुमचा फोन आला. सुट्टी आडवी आली म्हणून वाचलो, नाहीतर गेलेच होते. आणि आपणच ओटीपी किंवा पिन कोणाला दिला असेल तर कळवेपर्यंतचं सगळं नुकसान आपलं, कळवल्यानंतरचं बँकेचं. म्हणून चूक झाली असेल तर उलट आणखी लवकर सांगायचं, लपवायचं नाही.

शनिवारचं ते दुसरं प्रकरण तर आईने सांगितलं तेव्हा माझे हातपाय गार पडले. गुगलवर त्या ८५९च्या ओळीतलं नाव टाकून कस्टमर केअरचा नंबर शोधला, फोन लावला, आणि तो माणूस म्हणतो काका लगेच रिफंड देतो, फक्त एक ॲप टाका आणि त्यावर आलेला नंबर मला सांगा. ते ॲप म्हणजे तुमची स्क्रीन त्याला दिसणार, ओटीपीसकट. ८५९ परत मिळवायला गेलो असतो आणि पेन्शनचं खातं धुऊन निघालं असतं. आई, तू जे म्हणालीस ना, "पैसे द्यायचे आहेत तर त्याले आपला मोबाईल काहून पाहिजे?", ते मी ऑफिसमध्ये चार जणांना सांगितलं. नाव गुगलवर शोधा, बिनधास्त शोधा, पण नंबर गुगलवरून कधीच घेऊ नका. बँकेचा नंबर कार्डाच्या मागे छापलेला असतो, तोच. दुकानाचा त्यांच्या ॲपमधूनच.

सोमवारी आपण जे केलं तेच पुढच्या वेळी, माझ्या फोनची वाट न बघता. आधी ॲपमध्ये जाऊन कार्ड लॉक, ते अर्ध्या मिनिटाचं काम आहे आणि नंतर उघडताही येतं, त्यामुळे नुसती शंका असली तरी करा. मग आईला विचारा, मला विचारा, दादाला विचारा, कोणी काही मागवलंय का. हे आधी यासाठी की मी सोमवारी घाईघाईत दोन्ही ओळी फ्रॉड म्हणून सांगायला निघाले होते. पंपाचेही. खऱ्या खरेदीला फ्रॉड म्हटलं तर दुकानवाला पावती आणि डिलिव्हरीची सही काढून दाखवतो, बँक आलेले पैसे परत काढून घेते, आणि पुढच्या खऱ्या तक्रारीला आपलं तोंड राहत नाही. पण ही विचारपूस तासाभरात उरकायची, त्यासाठी रविवार घालवायचा नाही. आपलं नाही असं ठरलं की कार्डामागचा नंबर, कार्ड कायमचं बंद, तक्रार नंबर लिहून घ्या, आणि तेच सगळं ईमेलवरही पाठवा, फोनवरचं नंतर कोणी मानत नाही.

तुमच्या डायरीत मी सांगितलेला तक्रार नंबर लिहिलाय ना? त्याखाली हेही लिहा. कळवल्यापासून दहा कामाच्या दिवसांत बँकेने ती रक्कम तात्पुरती तरी जमा करायला पाहिजे, आणि नव्वद दिवसांत निकाल. चूक आपली होती हे सिद्ध करणं बँकेचं काम, आपलं नाही. तीस दिवस काहीच उत्तर नाही आलं किंवा उत्तर पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं, त्याची माहिती १४४४८ वर मिळते, फुकट आहे. आणि मोठी रक्कम गेली किंवा कोणी फोनवर बोलून काढून घेतली तर बँकेबरोबरच १९३०, लगेच, रात्री दोन वाजता असेल तरी, कारण पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत थांबवता आले तरच थांबतात. हा नंबर फ्रिजवर लावा. गॅसवाल्याच्या नंबरवर चिकटवलं तरी चालेल.

आणि बिल भरणारच नाही हे जे तुम्ही तावातावाने म्हणालात ते नका करू. बाकीचं सगळं आपलंच आहे, पंप धरून, ते तारखेच्या आत पूर्ण भरा. फ्रॉड म्हणून तक्रार केलेल्या रकमेवर तक्रार मिटेपर्यंत बँकेला चार्ज लावता येत नाही, २०२२ पासून तसा नियम आहे, पण मी त्यांना मेल करून हे लेखी मागितलंय. उत्तर आलं की पाठवते.

बाकी ते स्टेटमेंटच्या पासवर्डचा कागद कार्डाच्याच पाकिटात ठेवायचा प्रकार बंद करा बाबा. देवघरात ठेवा, कुठेही ठेवा.

नवीन कार्ड आठवड्याभरात येईल, नंबर वेगळा असणार, त्यामुळे विजेचं बिल आपोआप कटत होतं ते या महिन्यात कटणार नाही. तारीख गेली तर यावर्षी कूलरच्या बिलावर दंड भरायची वेळ येईल. वरच्या पोराला सांगा भरून द्यायला. बर्फी देऊन झाल्यावर.

तुमची,
चिनू