सेवाभावी संस्थेत बोनस कशाचा द्यायचा?

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

सेवाभावी संस्थांच्या व्यवस्थापकांचे वेतन त्यांच्या कामगिरीशी जोडावे, असा आग्रह देणगीदार धरू लागले आहेत. ग्रामीण भागात नेत्रसेवा देणाऱ्या एका लहान ट्रस्टचा विश्वस्त या नात्याने त्याविषयी लिहीत आहे.

या आग्रहामागे मायकेल जेन्सन आणि विल्यम मेकलिंग या अर्थतज्ज्ञांनी १९७६ साली मांडलेला विचार आहे. मालक आणि त्याच्या वतीने कारभार पाहणारा व्यवस्थापक यांचे हित एकच नसते आणि मालकाला सदासर्वकाळ नजर ठेवता येत नाही, म्हणून मोबदला फळाशी बांधावा, असे हा ‘एजन्सी सिद्धान्त’ सुचवतो. कंपनीत ते बरेचसे जमते, कारण तेथे भागधारक कोण हे ठाऊक असते आणि नफा आकड्यांत दिसतो. धर्मादाय संस्थेला मात्र मालकच नसतो. विश्वस्त मालमत्ता केवळ सांभाळतात, पैसा देणगीदार देतो आणि सेवा घेणारा तिसराच असतो. ती वाईट मिळाली तरी फुकट मिळाली म्हणून तो बहुधा गप्प राहतो.

तीन वर्षांपूर्वी आम्ही आमच्या व्यवस्थापकांच्या पगारवाढीचा काही भाग शिबिरांच्या संख्येशी जोडला. शिबिरे वाढली, पण मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर पाड्यावर जाऊन डोळा पुन्हा तपासण्याची फेरी हळूहळू बंद पडली, कारण ती कोणत्याच तक्त्यात नव्हती. दोष व्यवस्थापकांचा नव्हता. आम्ही जे मोजायचे ठरवले, तेच त्यांनी केले. एकाच माणसाकडे अनेक कामे असली आणि त्यांतल्या मोजता येणाऱ्या कामालाच बक्षीस असले, तर न मोजता येणारे काम मागे पडते, हे बेंगट होल्मस्ट्रॉम आणि पॉल मिल्ग्रोम या अर्थतज्ज्ञांनी १९९१ मध्येच दाखवून दिले होते. आम्हाला ते फार उशिरा उमगले.

फळाशी पैसा जोडणे सर्वत्र चूकच आहे, असे माझे म्हणणे नाही. राजस्थानातील भिलवाडा जिल्ह्यात २०१५ ते २०१८ या काळात मुलींच्या पटनोंदणीसाठी आणि मुलांच्या शिक्षणातील प्रगतीसाठी असा प्रयोग झाला व ठरलेली उद्दिष्टे ओलांडली गेली. पण तेथे मोजमाप त्रयस्थ संस्थेने केले आणि उद्दिष्टे न गाठल्यास पैसे बुडण्याची जोखीम आधी पैसा घालणाऱ्या गुंतवणूकदाराने घेतली होती. बहुतेक लहान ट्रस्टांना एवढ्या काटेकोर तपासणीचा खर्च झेपणार नाही.

म्हणून माझी विनंती आहे की, देणगीदारांनी बोनसचा आग्रह धरण्याऐवजी व्यवस्थापकांना पुरेसे आणि निश्चित वेतन देण्यास हात सैल सोडावा. ‘सेवा आहे’ म्हणून त्यांना अर्ध्या पगारावर राबवणे अन्यायाचे आहे. जमवलेल्या देणगीवर टक्केवारी तर मुळीच देऊ नये. देखरेख हे विश्वस्तांचे काम आहे आणि ते बोनसवर ढकलता येत नाही. आमच्या मंडळाने शिबिरांशी जोडलेली वाढ या वर्षी रद्द केली असून, दर तिमाहीला दोन विश्वस्त रुग्णांच्या घरी जाऊन त्यांना आता नीट दिसते का, हे स्वतः विचारतात.

आपला,
एक विश्वस्त