गांधीलमाश्यांची पोळी जाळण्यापेक्षा आरोग्य केंद्रात इंजेक्शन तयार ठेवा

संपादक महोदय,
नमस्कार.

चवथ, म्हणजे गणेशचतुर्थी, जवळ आली की आमच्या भागात दरवर्षी एक प्रकार सुरू होतो, यंदाही झालाय, म्हणून हे पत्र लिहितेय. गणपतीवर टांगायच्या माटोळीसाठी कांगलां, कवंडाळ अशी रानफळं शोधायला पोरं रानात शिरतात, कुळागरात, म्हणजे माडा-पोफळीच्या बागेत, गवत कापायचं मशीन फिरतं, घराची कौलं-वासे साफ होतात, आणि कुठंतरी कुणाला तरी गांधीलमाशी डसते. झालं, मग वाड्यावरचे चारजण बांबूला चिंध्या गुंडाळतात, पेट्रोलमध्ये बुडवतात आणि दिसेल ते पोळं जाळत सुटतात. जी माशी डसली तिचं पोळं जळतंच, पण त्याच्याबरोबर खिडकीच्या चौकटीवरची कुंभारीण माशीची मातीची घरटी फोडली जातात, पडवीच्या कोपऱ्यातलं तळहाताएवढं निरुपद्रवी पोळंसुद्धा जातं, आणि दुसऱ्या दिवशी सगळे निवांत, जणू गावावरचं संकट टळलं.

मला हे बघवत नाही. आणि जाळल्यानं माणूस वाचतो असंही नाही. नांगीनं माणूस दगावतो तो बहुतेक वेळा ॲलर्जीनं आणि उपचाराला झालेल्या उशिरानं, त्या ॲलर्जीवरचं औषध, ॲड्रेनलिन, साधं आणि स्वस्त आहे, पण ते वेळेवर मांडीत टोचलं जाईल ह्याची खात्री आपल्या गावांत आज कुणी देत नाही. आपला सगळा जोर पेट्रोलवर.

मी गोव्यातल्या फोंडा तालुक्यात कुळागर सांभाळते. माड, पोफळी, केळी, मिरवेल असं सगळं आहे, त्यामुळं ह्या माश्या रोजच्याच. आधी नांगी म्हणजे काय ते सांगते, कारण ते कळलं की अर्धी भीती तिथंच उतरते. नांगी ही मुळात अंडी घालायची नळी, उत्क्रांतीत तिचंच हत्यार झालं, म्हणून डसते ती फक्त मादी, नराला नांगीच नसते. तिच्यात दोन बारीक पाती असतात, ती आळीपाळीनं पुढं सरकत कातडीत शिरतात आणि मधून विष उतरतं. मधमाशीच्या पात्यांना उलटे दाते असतात, ते आपल्या कातडीत अडकतात, माशी उडायला जाते तेव्हा नांगी विषाच्या पिशवीसकट तुटून मागं राहते आणि माशी मरते. गांधीलमाशीचे दाते अगदी बारीक, तिची नांगी सहज बाहेर येते, म्हणून एकच माशी पुन्हापुन्हा डसू शकते.

आमच्याकडं कामाला येणाऱ्या एकाच्या मनगटावर मधमाशीचा काटा राहिला होता तो मी भिंग धरून बघितला. पांढुरकी इवलीशी पिशवी, माशी केव्हाच गेलेली, आणि ती पिशवी आपली एकटीच आकसतेय, सैल होतेय, परत आकसतेय. म्हणजे माशी उडाली तरी विष जातच राहतं. म्हणून काटा दिसला की त्याच क्षणी काढायचा, नखानं खरवडून काढा नाहीतर चिमटीत धरून ओढा, कुठली पद्धत बरोबर ह्यावर वाद घालत बसू नका. आणि काटा दिसतच नसेल तर तो शोधायला सुई घेऊन कातडी उकरू नका, डसणारी गांधीलमाशी असणार.

घरोघरी मग लोखंड घासणं, चुना, कांदा, टूथपेस्ट सुरू होतं. व्हॉट्सॲपवर तर फिरतच असतं की मधमाशीचं विष ॲसिड म्हणून त्यावर सोडा लावा आणि गांधीलमाशीचं उलटं म्हणून व्हिनेगर लावा. अहो विष कातडीच्या आत गेलेलं असतं, वरून चोपडलेलं तिथवर पोचत नाही, आणि आग-सूज होते ती विषातल्या प्रथिनांमुळं, एन्झाइम्समुळं, हिस्टामिनमुळं, त्याला सोडा काय करणार. साबणपाण्यानं धुवा, फडक्यात बर्फ गुंडाळून धरा, हात उंच ठेवा, बोटाला डसली असेल तर सगळ्यात आधी अंगठी काढा, नाहीतर सूज चढल्यावर ती कापून काढायची पाळी येते. दोन-तीन दिवस हात सुजून राहिला तर तेवढ्यानं घाबरायचं कारण नाही.

आता जाळलं काय जातं ते बघा. कुंभारीण माशी एकटी राहते, तिला पोळं नाही, राखायला प्रजा नाही, त्यामुळं हातात पकडून दाबली नाही तर ती सहसा डसतच नाही. ओली माती तोंडात आणून ती लहानसं मडकं करते, त्याला व्यवस्थित गळा-काठ काढते, आत छताला बारीक धाग्यानं एक अंडं टांगते आणि मग अळ्या शोधायला निघते. प्रत्येक अळीला नांगी टोचून लुळी करते, मारत नाही, कारण मेली तर सडेल आणि पिल्लाला ताजं खायला मिळणार नाही. मडकं भरलं की तोंड लिंपून टाकते. माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीवर अशी मडकी आहेत आणि त्यांत कोंबलेल्या अळ्या माझ्या परसातल्या भाजीवरच्या असतात, हे मी रोज बघते. ती फोडणाऱ्यांना मी घरात येऊ देत नाही.

माडावर काळ्या डोक्याची अळी पडते ती बागायतदारांना वेगळी सांगायला नको, झावळीच्या खालच्या बाजूला जाळी करून हिरवा भाग खाते आणि लांबून सगळा माड करपल्यासारखा दिसतो. तिच्यावर सोडतात तो गोनियोझस नेफँटिडिस म्हणजे मुंगीएवढी काळी गांधीलमाशीच, ती त्या जाळीत घुसते, अळीला नांगी मारून लुळी करते, तिच्याच अंगावर अंडी घालते आणि पिल्लं मोठी होईपर्यंत राखण करत बसते. कासरगोडची केंद्रीय लागवड पिके संशोधन संस्था माडासाठी हाच उपाय सांगत आलीय. पपईचंही तेच. 2008 मध्ये कोईम्बतूरला पपईवरचा पांढरा पिठ्या ढेकूण पहिल्यांदा सापडला आणि बघता बघता दक्षिणेत पसरला, फवारण्या करून शेतकरी थकले, शेवटी 2010 मध्ये पोर्तो रिकोहून ॲसेरोफॅगस पपाये नावाची डोळ्याला जेमतेम दिसणारी माशी आणून सोडली तेव्हा तो आटोक्यात आला. ह्या माशीची नळी अजून मूळचंच काम करते, पिठ्या ढेकणाच्या अंगात अंडं घालते, माणसाला तिच्यापासून काडीचा त्रास नाही. देवळाजवळच्या वडाला आणि रुमडाला (उंबराला) सुद्धा परागीभवनासाठी ज्याची त्याची वेगळी बारीक माशी लागते, ती नसेल तर त्या झाडांना बी धरणार नाही.

पडवीतलं ते उघडं, कागदासारखं, तळहाताएवढं पोळं बहुतेक वेळा रोपालिडियाचं असतं. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत प्रा. राघवेंद्र गदगकर यांनी कित्येक दशकं ह्या माशीवर काम केलं, त्यांच्या निरीक्षणात रोपालिडिया मार्जिनाटा ह्या जातीची राणी अगदी शांत, कुणाशी भांडत नाही. अशा पोळ्याला हात लागला किंवा झाडूचा धक्का बसला तर डसतात, एरवी आपल्या कामात असतात. डोक्यावर, दाराच्या चौकटीत असेल तर काढावं लागतं, मला मान्य आहे, घरात लहान मूल असेल तर काढाच. पण माडीच्या टोकाला कुणी जात नाही तिथलं कशाला?

ज्यांच्यापासून खरं जपून राहायचं ती पोळी दोन-तीन प्रकारची आणि ती ओळखता येतात. झाडाला फुटबॉलएवढं किंवा त्याहून मोठं, सगळीकडून राखाडी कागदी आवरण घातलेलं पोळं दिसलं आणि माश्या काळ्या, पोटाचा पुढचा भाग पिवळाधमक असेल तर ती व्हेस्पा अफिनिस. पोटावर एकच रुंद नारिंगी पट्टा असलेली मोठी ती व्हेस्पा ट्रोपिका, ती झाडाच्या ढोलीत, जमिनीतल्या पोकळीतही राहते आणि गंमत म्हणजे ही दुसऱ्या गांधीलमाश्यांची पोळी लुटून त्यांची पिल्लं खाते. तिसरं आग्या मोहोळ, ते मधमाश्यांचं. ह्यांच्यापासून लांब राहायचं, आणि काढायचंच असेल तर माहितगाराकडून रात्री, अंगभर जाळी घालून. पेटता बोळा घेऊन जाणारा माणूस स्वतः घोळक्यात सापडतो, कारण एक माशी चिरडली की तिच्या विषातल्या वासानं बाकीच्या चवताळून येतात. काजूच्या दिवसांत सुकलेल्या गवतात ठिणगी पडली तर पुढं काय होतं ते सत्तरी, डिचोलीतल्या वाचकांना मी सांगायला नको.

सगळ्यात जास्त धोका आमच्या पाडेल्यांना, म्हणजे माडावर चढून नारळ पाडणाऱ्यांना, आहे. माडाच्या शेंड्यात पोळं असतं, खालून दिसत नाही, माणूस वर पोचतो आणि पहिला डंख बसतो तेव्हा हात सोडायचा की धरायचा हे ठरवायला वेळ नसतो. तिथं विषापेक्षा पडणंच जीव घेतं. आम्ही आता चढायच्या आधी मोबाईलचा कॅमेरा झूम करून शेंडा चारी बाजूंनी बघतो, माश्यांची ये-जा दिसली तर त्या दिवशी तो माड सोडतो, नारळ काय पळून जात नाहीत. गवत कापायचं मशीन लावायच्या आधीही झुडपं लांब काठीनं हलवून थोडा वेळ थांबायचं, मशीनच्या आवाजात माणसाला माश्यांची घोंघों ऐकू येत नाही.

आता मुद्द्याचं. डसल्यावर काही मिनिटांत, कधी तासाभरात, डसलेल्या जागेपासून लांब अंगभर पित्ताच्या गाठी उठल्या, ओठ-जीभ सुजली, आवाज बदलला, श्वास घरघरायला लागला, उलट्या झाल्या, चक्कर येऊन माणूस गळाला, ह्यातलं काहीही झालं तर ती ॲनाफिलॅक्सिस, म्हणजे जीवघेणी ॲलर्जी, असू शकते. त्यावर पहिलं औषध ॲड्रेनलिन, मांडीच्या बाहेरच्या बाजूला स्नायूत, मोठ्या माणसाला साधारण अर्धा मिलीग्रॅम, तेही लगेच. एविल, डेक्सोना ही ॲलर्जीवरची नेहमीची इंजेक्शनं नंतर द्या, खाज कमी होईल, पण घसरणारं ब्लडप्रेशर आणि बंद होणारा घसा त्यांनी सावरत नाही. माणसाला आडवं ठेवायचं, पाय उंच, श्वास लागत असेल तर टेकून बसवायचं, पण उठवून चालवायचं नाही. 108 ला फोन करताना माशी डसलीय आणि श्वास लागलाय हे पहिल्या वाक्यात सांगायचं.

मागच्या काजूच्या सीझनला आमच्याकडं कामाला येणाऱ्या एका बाईंना डसली, पाच-दहा मिनिटांत चेहरा सुजला, आवाज बसला. जवळच्या आरोग्य केंद्रात नेलं तर एविलचं इंजेक्शन देऊन बाकावर बसवलं, थोडा वेळ बघू म्हणाले. ॲड्रेनलिन विचारलं तर कपाटाची चावी ज्यांच्याकडं ते जेवायला गेलेले. ॲम्ब्युलन्समध्ये मिळालं आणि त्या वाचल्या, पण ती मधली वीस-पंचवीस मिनिटं त्यांच्या मुलीनं कशी काढली ते मी बघितलंय. मी केंद्राचं नाव लिहीत नाही कारण एका केंद्राची तक्रार करून मला थांबायचं नाहीये.

2021 मध्ये कोविडची लस टोचल्यावर आपल्या सगळ्यांना अर्धा तास बसवून ठेवत होते, ते ह्याच रिॲक्शनसाठी, आणि प्रत्येक लसीकरण केंद्रावर ॲनाफिलॅक्सिस किट टेबलावर तयार असायचा. म्हणजे गावोगावी हे करता येतं हे आपण करून दाखवलंय. तोच किट प्रत्येक आरोग्य केंद्रात आणि उपकेंद्रात, कुलुपाबाहेर, ड्युटीवरच्या नर्सच्या हाताशी का नसावा? निदान चवथीच्या आधीचा महिना आणि काजूचा सीझन एवढे दिवस तरी त्याची तपासणी व्हावी, एक्सपायरी बघावी, नर्सना डोस देण्याची लेखी मुभा असावी, डॉक्टर येईपर्यंत वाट बघायची वेळ येऊ नये.

आणखी एक, डझनावारी डंख बसले असतील तर ॲलर्जी नसली तरी माणसाला घरी पाठवू नये. स्नायू आणि रक्तपेशी फुटून किडनी बंद पडू शकते, आणि ते त्याच दिवशी दिसेलच असं नाही. लघवी कमी झाली किंवा चहासारखी काळपट झाली तर थेट बांबोळीला गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजात) न्या, वेळेवर डायलिसिस मिळालं तर माणूस बहुतेकदा बरा होतो.

आपल्या पेपरात माश्या डसल्याच्या बातम्या येतात, त्यांच्याखाली चौकटीत ही लक्षणं आणि ॲड्रेनलिनचं नाव छापलंत तर फार बरं होईल, लोक कात्रण काढून ठेवतात. पंचायतींनीही पोळं काढायला कुणाला बोलवायचं त्याचा नंबर फलकावर लावावा. किटची मागणी मी येत्या ग्रामसभेत लेखी देणार आहे, दुसऱ्या गावांतल्या वाचकांनी आपापल्या ग्रामसभेत द्यावी अशी विनंती.

आपली,
कुळागर सांभाळणारी एक वाचक, फोंडा