आधी हेडफोन, मग ग्राफिक्स कार्ड

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जुने भयगेम नव्या ग्राफिक्समध्ये आले की जास्त घाबरवतात, हा आपल्या रविवार पुरवणीतला सूर अर्धाच खरा आहे. १९९९ मध्ये ‘सायलेंट हिल’ आला तेव्हा पहिल्या प्लेस्टेशनला लांबचे दृश्य रंगवणे झेपत नव्हते, म्हणून रस्त्यांवर धुके सोडले गेले. होती पळवाटच, पण समोरचे दिसेना आणि खिशातला रेडिओ खरखरू लागला की काहीतरी जवळ आलेय एवढेच कळे. कुठून, ते नाही. जानेवारीच्या पहाटे गोदावरीच्या पुलावरून दुचाकी नेणाऱ्या नाशिककराला हे वेगळे सांगायला नको.

२०१२ च्या एचडी आवृत्तीत दुसऱ्या भागातले हेच धुके विरळ झाले आणि जिथे काही बांधलेलेच नव्हते त्या कडा उघड्या पडल्या. करणाऱ्यांच्या हाती मूळ गेमचा अंतिम सोर्स कोड, म्हणजे प्रोग्रामचा मूळ मजकूरही नव्हता. त्याच भागाच्या २०२४ च्या रीमेकने, म्हणजे नव्याने घडवलेल्या गेमने, मात्र धुके राखले. ‘रेसिडेंट ईव्हिल’ या दुसऱ्या भयगेमच्या २००२ च्या रीमेकनेही चित्र पार बदलले, पण जागचा न हलणारा कॅमेरा ठेवला, म्हणून वळणापलीकडची पावले आधी ऐकू येतात, दिसतात नंतर.

आवाज सुधारला तर तक्रार नाही, फक्त तो कानापर्यंत धड पोचू द्यावा. साधा स्टिरिओ हेडफोन पुरतो. गेममधला थ्रीडी (दिशा जाणवून देणारा) आवाज चालू असेल तर विंडोजची तशीच सोय, स्पेशियल साउंड, बंद ठेवा. दोन्ही चालू राहिले की पावले बादलीत वाजल्यासारखी येतात आणि पुढचे-मागचे कळत नाही. टीव्हीचा नाइट मोडही नको. तो बारीक आवाज वर ओढतो, मोठा दाबतो. मग फळीची करकर आणि किंकाळी एकाच पट्टीत.

चित्र बिघडते ते बहुधा सेटिंगमुळे. ब्राइटनेस लावताना ‘चिन्ह जेमतेम दिसेल इतके ठेवा’ अशी सूचना येते. लोक ते भर दुपारी खिडकी उघडी ठेवून करतात, आणि रात्री तळघर राखाडी दिसते. ज्या उजेडात खेळणार त्याच उजेडात लावा. कन्सोल आणि टीव्हीची एचडीएमआय रेंज (काळ्यापासून पांढऱ्यापर्यंतच्या छटांचा पल्ला; ‘फुल’ किंवा ‘लिमिटेड’) सारखी हवी. कन्सोल फुल आणि टीव्ही लिमिटेड असेल तर अंधारातला जिनाच गडप होतो, उलट असेल तर काळा रंग धुरकट. टीव्हीचे मोशन स्मूदिंग (हालचाल गुळगुळीत करणारी सोय) आणि डायनॅमिक कॉन्ट्रास्ट (उजेड-अंधार आपोआप बदलणारी) बंद.

पीसीवर ८ जीबीचे ग्राफिक्स कार्ड अडखळत असेल तर आधी रे ट्रेसिंग (प्रकाशकिरणांचा हिशोब करून उजेड-प्रतिबिंबे रंगवणे) बंद करा, मग टेक्श्चर (भिंती-वस्तूंच्या पृष्ठभागाचा तपशील) एक पायरी खाली. सावल्या आणि धुक्याला शेवटी हात लावा; भीती तिथेच राहते.

पुढच्या परीक्षणात ग्राफिक्सला तारे देताना गेम स्पीकरवर खेळला की हेडफोनवर, तेवढे छापावे ही विनंती.

– एक वाचक, इंदिरानगर, नाशिक