दुर्गंधी जुनी, ताप नवा

महोदय,

व्हिक्टोरियाकालीन आरोग्यसुधारणांची चर्चा लंडनच्या गटारांपाशीच थांबते. खेड्यांकडे ती क्वचितच वळते. इंग्लंडच्या डेव्हन परगण्यातील नॉर्थ टॉटन गावात मजुरांच्या तीन-चार घरांमागे एक खड्ड्याचा संडास, त्याला लागून उकिरडा आणि तिथेच डुकरे, अशी स्थिती वर्षानुवर्षे होती. दुर्गंधीतूनच ताप येतो, अशी तेव्हा समजूत होती; तरीही विषमज्वराची (टायफॉइडची) साथ आली ती १८३९ मध्येच. आजारी मजूर शेजारच्या गावी गेला की ताप तिथेही पसरतो, हे तेथील डॉक्टर विल्यम बड यांनी टिपले आणि रोगाचे मूळ दुर्गंधीत नसून रुग्णाच्या मलात आहे, असे ठामपणे मांडले. प्रत्यक्ष जंतू दिसला १८८० मध्ये! तो मल जंतुनाशक घालूनच टाकावा, हा बड यांचा आग्रह मला भुयारी गटारांइतकाच मोलाचा वाटतो.

— एक वाचक