जलरंगातले राजकारण

महोदय,
जलरंग म्हटले की आपल्याकडे घाट, देवळे नाहीतर पावसात भिजलेले वाडे. थायलंडचे तवन वत्तुया (जन्म १९७३, बँकॉक) याच माध्यमात माणसे रंगवतात आणि माणसांतून समाज. त्यांच्यावर आपल्या रविवार पुरवणीत एखादा सविस्तर लेख यावा, ही विनंती.

शिक्षण शिल्पाकोर्न विद्यापीठातले, पण हात मोकळा. ओल्या कागदावर रंग सोडायचा आणि फुटू द्यायचा. सौंदर्यस्पर्धेतल्या तरुणी, गणवेशातली मुले, पुढारी. डोळ्यातला काळा रंग गालावर ओघळतो आणि रुबाबदार चेहरा बघता बघता विरघळू लागतो. (आमचे चित्रकलेचे मास्तर अशा ओघळाला ‘चित्र बिघडले’ म्हणत!) २००६ आणि २०१४ असे दोन लष्करी उठाव झालेल्या, राजाच्या अवमानासाठी पंधरा वर्षांपर्यंत तुरुंगवासाची तरतूद असलेल्या देशात ही चित्रे निघतात, हे विसरून चालणार नाही. तिथे व्यंगचित्राचा बोचरेपणा अंगाशी येऊ शकतो. ओघळ मात्र पाण्याच्या नावावर खपतो. निदान मला तरी तसे वाटते.

लेखासोबत चित्रे मात्र रंगीत छापा. कृष्णधवल छपाईत यातले काहीच उरणार नाही.

– एक वाचक, कोल्हापूर