गोलीची जागा एकच असते

नेपरव्हिल, शिकागो
७ डिसेंबर २०२५

ती. आई-बाबांना,
शि. सा. नमस्कार.

बाबा, फोनवर तुम्ही दोन प्रश्न टाकलेत. दोन्हींची उत्तरं फोनवर सांगण्यासारखी नाहीत, म्हणून लिहायला बसले. पहिला प्रश्न असा की, शिकागोचा तो फुटबॉलचा गोलकीपर, म्हणजे आपल्या भाषेत गोली, स्लोनिना इंग्लंडच्या चेल्सी क्लबनं एवढे पैसे मोजून नेला, मग मॅचमध्ये दिसत का नाही? दुसरा तुमच्या पोटातला: आपला नातू उद्या भारताकडून गोलमध्ये उभा राहू शकेल का? गोलीच्या बोटांना लागतं त्याचं काय करायचं, हा आईचा प्रश्न शेवटी घेते.

गॅब्रिएल स्लोनिना ॲडिसनचा. विमानतळावरून आमच्याकडे येताना हे गाव वाटेतच लागतं. जन्म १५ मे २००४. आई-वडील पोलंडचे. अमेरिकेत जन्मला म्हणून अमेरिकन आणि पोलिश आई-बापाच्या पोटी जन्मला म्हणून पोलिश. पोलंडचा कायदा रक्ताचं नातं बघतो, जन्म कुठे झाला ते नाही. म्हणजे दुसरं नागरिकत्व त्याला मागून मिळवावं लागलं नाही, ते जन्मापासूनच होतं. हा मुद्दा लक्षात ठेवा, आपल्या पोराची गाडी इथेच वेगळ्या रुळावर जाते.

शिकागो फायर या क्लबनं त्याच्याशी करार केला तेव्हा तो १४ वर्षांचा होता. ४ ऑगस्ट २०२१ ला न्यूयॉर्क सिटीविरुद्ध पहिल्यांदा उतरला, वय १७ वर्षं ८१ दिवस. मॅच ०-० सुटली. अमेरिकेच्या लीगमध्ये सुरुवातीपासून खेळलेला तो सर्वांत लहान गोलकीपर ठरला. पुढच्या वर्षी मे महिन्यात पोलंडच्या प्रशिक्षकानं, मिख्निएविचनं, युरोपातल्या देशांच्या नेशन्स लीग स्पर्धेसाठी त्याला थेट मोठ्या संघात बोलावलं. त्यानं नम्रपणे नकार दिला आणि अमेरिका निवडली.

तुम्ही म्हणाल, मन जिथलं तिथे खेळला, बरं केलं. मनाचं मी काय सांगणार? पण गोलीनं देश निवडताना रांगही बघावी लागते. कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर तुम्ही जन्मभर बघत आलात. फॉरवर्डला शेवटची दहा मिनिटं तरी उतरवतात, हाफला (मधल्या फळीतल्याला) दुसऱ्या जागी खेळवून बघतात. गोलीला कोण उतरवतं? पहिला जखमी झाला नाही, रेड कार्ड मिळालं नाही, तर दुसरा सगळा मोसम जर्सी घालून बाकावर. त्यात गोली पस्तिशीपर्यंत टिकतात. म्हणून पुढच्याचं वय किती, हा पहिला हिशेब.

तो हिशेब मांडून बघा. २०२२ मध्ये पोलंडच्या गोलमध्ये श्चेन्स्नी होता, ३२ वर्षांचा. अमेरिकेकडे मॅट टर्नर आणि झॅक स्टेफन, दोघंही तिशीच्या अलीकडे. पुढे श्चेन्स्नी २०२४ मध्ये देशाच्या संघातून बाहेर पडला आणि त्याच्या जागी आलेला स्कोरुप्स्की आज ३४ चा आहे. म्हणजे पोलंडची रांग म्हाताऱ्यांची. अमेरिकेत यंदा पहिला नंबर मॅट फ्रीझनं घेतला, तो २७ चा. स्लोनिनापेक्षा फक्त सहा वर्षांनी मोठा, म्हणजे लवकर हलणारा नाही. पुढच्या उन्हाळ्यात अमेरिका घरच्या मैदानावर वर्ल्ड कप खेळणार आणि पोलंड अजून त्याच्या पात्रतेसाठीच्या मार्चच्या प्लेऑफमध्ये अडकलंय, ही दुसरी बाजूही आहेच. मला विचाराल तर नुसत्या रांगेच्या हिशेबानं त्यानं अवघड बाजू घेतली.

‘एका देशाकडून एकदा खेळला की संपलं’ असं तुम्ही म्हणालात, ते मात्र तसं नाही. मोठ्या संघाकडून अधिकृत स्पर्धेची मॅच खेळली तर शिक्का बसतो, मैत्रीपूर्ण सामन्यानं नाही. स्लोनिना जानेवारी २०२३ मध्ये सर्बियाविरुद्ध उतरला तो मैत्रीपूर्ण सामना होता. त्याच वर्षी अर्जेंटिनातला २० वर्षांखालचा वर्ल्ड कप तो खेळला, पण ती कुमार गटाची स्पर्धा. पॅरिस ऑलिंपिकच्या १८ जणांतही होता, तोही मोठा संघ धरत नाहीत. २०२० मध्ये फिफानं, म्हणजे फुटबॉलच्या जागतिक संघटनेनं, नियम आणखी सैल केला: २१ व्या वर्षाच्या आत मोठ्या संघाच्या तीनपेक्षा जास्त मॅच झाल्या नसतील, त्यात वर्ल्ड कपची किंवा खंडाच्या मुख्य स्पर्धेची मॅच नसेल आणि शेवटच्या मॅचला तीन वर्षं उलटली असतील, तर देश बदलता येतो. मात्र आयुष्यात एकदाच. तेव्हा कागदावर पोलंडचं दार अजून किलकिलं आहे. तो तिकडे वळेल असं मला वाटत नाही, ते वेगळं.

आता चेल्सी. ऑगस्ट २०२२ मध्ये सहा वर्षांचा करार झाला. मूळ रक्कम सुमारे १ कोटी डॉलर आणि अटी पूर्ण झाल्या तर दीड कोटीपर्यंत, असं तेव्हा छापून आलं होतं. मोसम संपेपर्यंत त्याला शिकागोतच ठेवलं. पुढे २०२३ मध्ये बेल्जियमच्या ऑयपेनला लोनवर पाठवलं. तिथे तो मोसमभर खेळला, पण संघ तळाला राहिला आणि खालच्या विभागात उतरला. पडत्या संघात गोलीला काम भरपूर मिळतं. बॉल सतत अंगावर, त्यामुळे हात तयार होतात. पण आकडे खराब दिसतात, आणि पुढचा क्लब आधी आकडे बघतो. २०२४ मध्ये इंग्लंडच्या तिसऱ्या स्तरावर बार्न्सलीला गेला, तिथे बोट मोडलं. जानेवारी २०२५ मध्ये चेल्सीनं परत बोलावून घेतलं.

लोन म्हणजे काय ते आईलाही कळेल असं सांगते. नोकरी एका कंपनीत आणि वर्षभर काम दुसरीकडे. पगाराची वाटणी करारात ठरते, परत बोलावण्याची तारीख (बहुधा जानेवारी) लिहिलेली असते. घेणाऱ्या क्लबवर त्याला खेळवायचं बंधन असतंच असं नाही. गोलीच्या बाबतीत हीच गोम आहे. फॉरवर्ड लोनवर गेला की त्याला तुकड्या-तुकड्यानं तरी मिनिटं मिळतात. गोलीचं एक बोट मोडलं की दुसरा उभा राहतो, त्याचं बस्तान बसतं आणि हा बरा होऊनही बाहेरच.

पासपोर्टचा उपयोग देशाच्या जर्सीपेक्षा इथे जास्त होतो. बेल्जियममध्ये युरोपियन युनियनबाहेरच्या खेळाडूला कायद्यानं ठरलेला किमान पगार द्यावा लागतो आणि तो जबर असतो. छोटा क्लब तिथेच मागे सरतो. पोलिश पासपोर्ट असला की ही अट लागत नाही. अमेरिकेचा पुलिसिक सोळाव्या वर्षी जर्मनीत डॉर्टमुंडला जाऊ शकला तो आजोबांमुळे मिळालेल्या क्रोएशियन नागरिकत्वावर, नाहीतर फिफा १८ च्या आत देशाबाहेर बदली करू देत नाही. मॅट टर्नरनं पूर्वजांचे कागद काढून लिथुआनियाचं नागरिकत्व घेतलं. लिथुआनियाकडून खेळायचं म्हणून नव्हे, युरोपात काम सोपं व्हावं म्हणून.

इंग्लंडमध्ये मात्र २०२१ पासून युरोपचा पासपोर्ट कामाचा नाही. तिथे गुणांवर परवानगी मिळते, १५ गुण लागतात. देशाकडून किती खेळलात, कुठल्या दर्जाच्या लीगमध्ये किती मिनिटं खेळलात, यावर ते ठरतात. प्रीमियर लीगचा आणखी एक नियम आहे. यादी २५ जणांची, त्यात तिथे न घडलेले जास्तीत जास्त १७. वयाच्या २१ च्या आत तीन मोसम तिथल्या क्लबात काढले असतील तर ‘घरचा’ धरतात. स्लोनिना पहिली वर्षं शिकागो आणि बेल्जियममध्ये होता, म्हणजे या खात्यात बसत नाही. लहान वयाचे यादीबाहेर सुटतात. या मोसमासाठी १ जानेवारी २००४ किंवा त्यानंतरचा जन्म लागतो, म्हणजे हा जेमतेम सुटला. पुढच्या ऑगस्टपासून तो १७ जणांत मोजला जाणार, आणि तिसऱ्या गोलीवर ती जागा कुठला क्लब घालवेल? म्हणून मोठे क्लब तिसरा गोली बघून-सवरून घरचा, वयस्कर ठेवतात. चेल्सीत इतकी वर्षं इंग्लंडचाच बेटिनेली होता तो याच हिशेबानं. परदेशी लोनवरही फिफानं सहाचं बंधन घातलंय. २१ पर्यंतच्या पोरांना त्यातून सूट असते, ती याची संपली. तुमच्या प्रश्नाचं उत्तर यात आहे. त्याचा खेळ कमी पडला असेल-नसेल, पण वय आणि यादी या दोन चिमट्यांत तो सापडलाय. येत्या उन्हाळ्यात क्लब बदलला तर नवल मानू नका.

गंमत म्हणजे त्याच्या पुढचे दोघंही दुहेरीच. रॉबर्ट सांचेझचे वडील इंग्रज, खेळतो स्पेनकडून. फिलिप यॉर्गेनसन स्वीडनमध्ये जन्मला, आई तिथली, वडील डेन्मार्कचे. कुमार वयात स्वीडनकडून खेळला आणि मग डेन्मार्ककडे गेला. एका क्लबच्या तीन गोलींत सहा देश आणि जागा एक.

आता आपल्या नातवाचं. बाबा, त्याच्याकडे ओसीआय (ओव्हरसीज सिटिझन ऑफ इंडिया) कार्ड आहे, ते नागरिकत्व नव्हे. तो व्हिसाचा मोठा भाऊ समजा. भारताचा कायदा दोन नागरिकत्वं मानत नाही आणि २००८ पासून सरकारचं धोरण स्पष्ट आहे: भारतीय पासपोर्ट असेल त्यानंच देशाकडून खेळायचं. स्लोनिनासारखं दोन्ही खिशात ठेवून मग निवडणं आपल्याकडे नाही. एक सोडावंच लागतं.

वाट आहे, पण लांबची. वय १८ पूर्ण हवं. ओसीआय नोंदणीला पाच वर्षं झालेली हवीत, त्याची झालीत. अर्जाआधी सलग बारा महिने भारतात राहायचं, मग अर्ज, मग चौकशी, आणि अमेरिकन नागरिकत्व सोडायचं. फिफाची अट त्याला अडत नाही. नवं नागरिकत्व घेणाऱ्याचा स्वतःचा, आई-वडिलांचा किंवा आजी-आजोबांचा जन्म त्या देशातला लागतो आणि माझा जन्मदाखला कोल्हापूर महापालिकेचाच आहे. त्याची अस्सल प्रत कपाटातल्या निळ्या फाइलीत असेल, तेवढी जपून ठेवा. अडतं ते बारा महिन्यांत. १८-१९ हे गोलीचं मिनिटं मिळवायचं वय, आणि तेव्हा भारतात परदेशी खेळाडू म्हणून कुठला क्लब कोवळा गोली घेणार? परदेशी जागा क्लब स्ट्रायकर आणि स्टॉपरवर (मधल्या बचावपटूवर) खर्च करतात. यंदा तर डिसेंबर उजाडला तरी भारताची मोठी लीग, आयएसएल, सुरू नाही.

हे करून दाखवलेले दोघं तुम्हाला ठाऊक आहेत. इझुमी अराता पुणे एफसीचा, बालेवाडीत आपण बघितलेला. जपानी पासपोर्ट सोडून २०१३ मध्ये भारताकडून उतरला. आणि आता रायन विल्यम्स, बेंगळुरूचा. आई मुंबईची अँग्लो-इंडियन. त्यानं गेल्या महिन्यात ऑस्ट्रेलियाचा पासपोर्ट सोडला. पण दोघंही पुढे खेळणारे, आणि निर्णय घेतला तेव्हा मुरलेले, भारतात पगार चालू असलेले. गोलीनं अठराव्या वर्षी हे करणं वेगळं. भारताच्या गोलमध्ये गुरप्रीतसिंगनं बरीच वर्षं ती जागा धरून ठेवली, रांग तिथेही आहेच. माझं मत विचाराल तर २१-२२ पर्यंत पासपोर्टला हात लावू नये, कॉलेजच्या संघातून मिनिटं घ्यावीत. तुम्हाला हे आवडणार नाही, माहीत आहे.

आई, तुझं बोटांचं. बॉल सरळ ताठ बोटाच्या शेंड्यावर आदळला की शेवटच्या पेराची वरची शीर (टेंडन) तुटते. खूण सोपी आहे: शेंडा खाली लोंबतो, दुसऱ्या हातानं उचलला तर उचलतो, पण आपला आपण सरळ होत नाही. हे दिसलं की बोट ओढून ‘बसवायचं’ नाही, आंबेहळदीचा लेपही नाही, एक्स-रे. हाड शाबूत असेल तर पट्टी लावून शेंडा सरळ ठेवतात, किमान सहा आठवडे, रात्रंदिवस. अंघोळीला पट्टी काढताना शेंडा एकदा जरी वाकला तरी दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजायचे. पोरं फसतात ती इथेच. साधी मुरगळ असेल तर शेजारच्या बोटाला बांधतात. टेपचे दोन पट्टे, सांध्याच्या वर एक आणि खाली एक. सांध्यावर टेप घेतली की बोट वाकत नाही आणि पुढचा बॉल पुन्हा शेंड्यावर. बहुतेक वेळा चूक हातांच्या ठेवणीत असते. छातीवरचा बॉल घेताना दोन्ही अंगठे जवळ, बोटं पसरलेली पण किंचित वाकलेली, आणि हात शरीराच्या पुढे लागतात. हात उशिरा पुढे आले की बोटं ताठ राहतात.

ग्लोव्हज मागच्यासारखे तिकडून पाठवू नका. त्याचा हात दर सहा महिन्यांनी बदलतो. बोटाच्या टोकाला साधारण एक सेंटिमीटर मोकळं हवं, फार घट्ट झाले तर शिवण फाटते. आणि उन्हाळ्यात याल तेव्हा, आई, ते गच्चीवर उन्हात वाळत घालायचे नाहीत. तळव्यावरचं लेटेक्स (रबर) उन्हानं कडक होऊन तडकतं, मग बॉल निसटतो. कोमट पाण्यात हातानं चोळायचे, पिळायचे नाहीत, सावलीत उघडे ठेवायचे. मॅचला जाताना तळवा थोडा ओला केला की पकड येते. कोरडे घालून गेला तर समज विसरलाय, आणि बाटली हातात दे.

तिकिटं १२ जूनची बघतेय. बाबांच्या गुडघ्याचं बघून मधलं थांबणं अबुधाबीला घेऊ की दोह्याला, ते कळवा.

तुमची,
माई