तात्यासाहेबांची पटकथा

नाशिक,
२८ फेब्रुवारी

प्रिय मित्रा,

तुझं पत्र मिळालं. तू लिहिलेला सिनेमा आठवड्यात उतरला, निर्माता फोन उचलत नाही, पोस्टरवर तुझं नावही नाही. आता मुंबई सोडतो म्हणतोस. लगेच काही ठरवू नकोस.

काल मराठी भाषा गौरव दिन झाला. गावभर कुसुमाग्रजांच्या कविता म्हटल्या गेल्या. पण चोविसाव्या वर्षी हेच कुसुमाग्रज, म्हणजे आपले तात्यासाहेब शिरवाडकर, याच नाशकात पटकथाकार होते, हे किती जणांना ठाऊक असेल? चरित्रात ते एका ओळीत उरकतात: १९३६ साली गोदावरी सिनेटोन या चित्रपट कंपनीत गेले, ‘सती सुलोचना’ची पटकथा लिहिली, त्यात लक्ष्मणाचं काम केलं, चित्रपट पडला. पुढच्या ओळीत वर्तमानपत्रांच्या नोकऱ्या सुरू. मी मात्र त्या एका ओळीपाशीच अडकलो आहे.

त्या पोराकडे बघ जरा. १९३२ मध्ये काळाराम मंदिराच्या सत्याग्रहात होता. १९३४ ला इथल्याच एचपीटी कॉलेजातून बी.ए. झाला. ज्या रामाचं दार सगळ्यांना उघडावं म्हणून उभा राहिला, त्याच्याच रामायणावर चार वर्षांत बोलपट लिहायला बसला. गोष्ट कुणाची, तर इंद्रजिताच्या बायकोची, हरलेल्या घरातल्या बाईची. विषय कंपनीनं दिला असेल, तरी लिहिताना त्याचं काय झालं असेल! आणि तिचं कुंकू पुसणारा लक्ष्मण पुन्हा स्वतःच व्हायचं.

शिकवणारंही कोण होतं? फाळक्यांनी १९१८ पासून इथंच हिंदुस्थान फिल्म कंपनी चालवली, पण ते मूकपट. शब्दांचं काम पाट्यांवर भागायचं. मराठी बोलपट जेमतेम चार वर्षांचा होता. रंगभूमीवरचं वाक्य कॅमेऱ्यासमोर किती लांब चालतं, हे ज्याचं त्यानंच शोधायचं.

माझं मत असं की तात्यांचा कान तिथं तयार झाला. आपण लिहिलेलं आपल्याच तोंडून, रंग फासून, दिव्यांच्या उकाड्यात म्हणून पाहिलं की कुठं श्वास तुटतो ते कळतं. १९७० च्या ‘नटसम्राट’मधली लांबलचक स्वगतं नटांना जड जात नाहीत, ती उगाच नव्हे. याला पुरावा माझ्याकडे नाही, पण तू संवाद लिहितोस, तुला पटेल. पहिलं नाटक ‘दूरचे दिवे’ आलं १९४६ ला. म्हणजे सिनेमा पडल्यावर दहा वर्षांनी. मधल्या काळात ‘प्रभा’, ‘प्रभात’, ‘धनुर्धारी’त पत्रकारिता केली, आणि १९४२ ला ‘विशाखा’ हा कवितासंग्रह आला, तोही खांडेकरांनी पुढाकार घेतला म्हणून.

नावाचा प्रश्न वेगळा आहे, तिथं भिडेला पडू नकोस. श्रेयनामावलीत नाव कुठं येणार ते करारात लिहून घे, नवी पटकथा स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदव, मगच कुणाला वाचायला दे.

आणि रंगपंचमीला ये. रहाडी, म्हणजे रंगाचे जुने हौद, उघडतील, भिजून घेऊ. पटकथेचं बाड सोबत आण. तो आजोबांचा प्रसंग पुन्हा लिहायला हवा. म्हातारा फार लवकर रडतो. मुलगा दाराबाहेर जाईपर्यंत त्याला व्यवहाराचंच बोलू दे, वीजबिल, गॅसचा नंबर, असलं काहीतरी.

तुझाच,
मित्र